ना पूर्व, ना पश्चिम : इराणी क्रांती आणि दोन महासत्ता

१

बी. ए.च्या शेवटच्या वर्षाला मी आधुनिक जगाचा इतिहास शिकवतो. शीतयुद्धाचे प्रकरण आले की फळ्यावर मधोमध एक उभी रेघ ओढायची, एका बाजूला अमेरिकेच्या गोटातले देश लिहायचे, दुसऱ्या बाजूला सोव्हिएत रशियाच्या गोटातले, आणि खाली अलिप्त राष्ट्रांची यादी द्यायची, अशी माझी पद्धत. परीक्षेपुरती ती पुरते. एकदा एका विद्यार्थिनीने विचारले, "सर, १९७९ नंतरचा इराण कुठे लिहायचा?" मी अलिप्त राष्ट्रांच्या यादीत त्याचे नाव टाकले. ती म्हणाली, "पण दोघांशीही भांडण मांडलेल्याला अलिप्त कसे म्हणायचे?"

तिच्या प्रश्नाला माझ्याकडे त्या दिवशी उत्तर नव्हते. घरी येताना मात्र मला माझे गाव आठवत राहिले. माझे वडील सालगडी होते. गावात दोन वाडे होते आणि त्यांचे वैर पिढ्यान्‌पिढ्यांचे होते. गरिबाला पहिला प्रश्न हाच विचारला जाई की, तू कोणत्या वाड्याचा? 'कोणाचाच नाही' हे उत्तर त्या गावात चालत नसे. ते देणाऱ्याला दोन्हीकडचे काम बंद होई. आमच्या घरातून महाविद्यालयाची पायरी पहिल्यांदा मी चढलो. तिथल्या ग्रंथालयात 'ना पूर्व, ना पश्चिम' ही तेहरानच्या रस्त्यावरची घोषणा पहिल्यांदा वाचली तेव्हा मला तिचे मोठे अप्रूप वाटले. ते अजूनही पुरते गेलेले नाही. परंतु इतिहास शिकवणाऱ्याने अप्रूपावर थांबून भागत नाही. दोन्ही वाड्यांना नाही म्हणणाऱ्या त्या घराच्या आत पुढे काय झाले, हेही विचारले पाहिजे. प्रस्तुत लेखात तेवढेच विचारायचे आहे.

२

ही घोषणा कोण्या एका धर्मगुरूच्या डोक्यातून निघालेली नाही. तिच्यामागे सत्तर वर्षांचा अपमान आहे. १९०६ साली इराणी जनतेने आंदोलन करून शहाकडून राज्यघटना आणि मजलिस मिळवली. दुसऱ्याच वर्षी, ३१ ऑगस्ट १९०७ रोजी, ब्रिटन आणि झारचा रशिया यांनी सेंट पीटर्सबर्ग येथे करार करून इराणची वाटणी केली. उत्तर भाग रशियाच्या प्रभावाखाली, हिंदुस्थानला लागून असलेला आग्नेय भाग ब्रिटनच्या, आणि मधला पट्टा दोघांनाही मोकळा! ज्याचे घर वाटून घेतले त्याला विचारण्याची गरज कोणालाही भासली नाही. १९०८ च्या जूनमध्ये रशियन अधिकाऱ्याच्या हुकमतीखालील कझाक पलटणीने मजलिसच्या इमारतीवर तोफा डागल्या. त्याच वर्षी मस्जिद-ए-सुलेमान येथे तेल लागले. १९१४ साली ब्रिटिश सरकारने तेथील तेल कंपनीचे बहुसंख्य भाग विकत घेतले, आणि इराणच्या जमिनीतले तेल ब्रिटिश आरमाराच्या भट्ट्यांत जळू लागले.

१९४१ च्या ऑगस्टमध्ये ब्रिटन आणि सोव्हिएत रशिया या दोघांच्या फौजा इराणात घुसल्या. झार जाऊन तेथे कामगारांचे म्हणवणारे राज्य आले होते. परंतु इराणच्या शेतकऱ्याला उत्तरेकडून येणारा सैनिक सैनिकच दिसला. रझा शहाला गादी सोडावी लागली व त्याच्या तरुण मुलाला तिच्यावर बसवण्यात आले. युद्ध संपल्यावरही सोव्हिएत फौजा उत्तरेत रेंगाळल्या. तबरीझमध्ये अझरबैजानी आणि महाबादमध्ये कुर्दी स्वायत्त सरकारे त्यांच्या छायेत उभी राहिली. उत्तरेकडील तेलाच्या सवलतीचे आश्वासन मिळताच १९४६ च्या मे महिन्यात मॉस्कोने फौजा काढून घेतल्या. डिसेंबरात शहाचे सैन्य आत शिरले आणि १९४७ च्या मार्चमध्ये महाबादच्या गणराज्याचा अध्यक्ष काझी मुहम्मद त्याच गावात फासावर गेला. त्या तेलाची सवलत मजलिसने पुढे नाकारली, ही गोष्ट वेगळी. कुर्द मात्र हकनाक मेले. मोठ्या सत्तेच्या भरवशावर उठणाऱ्या लहान समाजाचे काय होते, याचा हा धडा आहे.

त्यानंतर अमेरिकेची पाळी आली. १९५१ साली मजलिसने तेलाचे राष्ट्रीयीकरण केले आणि मोहम्मद मोसादेक पंतप्रधान झाले. १९ ऑगस्ट १९५३ रोजी अमेरिकी आणि ब्रिटिश गुप्तचर संघटनांनी घडवून आणलेल्या उठावात ते पदच्युत झाले. आपला या कटात हात होता, हे अमेरिकेच्या गुप्तचर खात्याच्या २०१३ साली खुल्या झालेल्या कागदपत्रांतच नमूद आहे. १९५४ मध्ये तेलाची नवी वाटणी झाली. अमेरिकी कंपन्यांना ४० टक्के, जुन्या ब्रिटिश कंपनीला ४० टक्के, आणि उरलेले डच-ब्रिटिश शेल व फ्रेंच कंपनीला. १९०७ चाच हा हिशेब होता. फक्त भागीदार बदलले होते.

३

शहा अमेरिकेचा होता, पण उत्तरेकडच्या शेजाऱ्यालाही त्याने दुखावले नाही. १९६६ साली त्याने सोव्हिएत रशियाशी करार करून इस्फहानला पोलाद कारखाना उभारायला घेतला आणि १९७० पासून इराणचा नैसर्गिक वायू नळाने सोव्हिएत प्रदेशात जाऊ लागला. दोन्ही महासत्तांचे त्याच्याशी जमत होते. जमत नव्हते ते त्याच्या स्वतःच्या प्रजेचे. १९५७ साली स्थापन झालेल्या 'साव्हाक' या गुप्त पोलिसांचे तुरुंग याची साक्ष देतात.

१९६४ साली मजलिसकडून एक कायदा मंजूर करून घेण्यात आला. इराणात असलेले अमेरिकी लष्करी कर्मचारी व त्यांचे कुटुंबीय यांच्यावर इराणी न्यायालयात खटला चालणार नाही, असा तो कायदा होता. आयातुल्ला खोमेनी यांनी कुम शहरात त्याविरुद्ध भाषण केले. त्याचा आशय असा होता की, इराणी माणसाने अमेरिकनाचे कुत्रे गाडीखाली चिरडले तर त्याची चौकशी होईल, पण अमेरिकनाच्या स्वयंपाक्याने खुद्द शहाला चिरडले तरी त्याला हात लावता येणार नाही. या भाषणानंतर त्यांना हद्दपार करण्यात आले. ते चौदा वर्षांनी परतले. ज्या माणसाची किंमत कुत्र्यापेक्षा कमी ठरवली जाते त्याला हे भाषण समजावून सांगावे लागत नाही. खोमेनींची ताकद धर्मशास्त्रात जितकी होती तितकीच या मर्माला हात घालण्यात होती.

४

१ फेब्रुवारी १९७९ रोजी खोमेनी तेहरानला उतरले आणि ११ फेब्रुवारीला जुनी राजवट कोसळली. मार्चमध्ये इराणने 'सेंटो' हा पाश्चात्त्यधार्जिणा लष्करी करार सोडला. सोव्हिएत क्षेपणास्त्रांच्या चाचण्यांवर कान ठेवणारी उत्तर इराणमधील अमेरिकी ठाणी बंद पडली. त्याच वर्षी इराण अलिप्त राष्ट्रांच्या चळवळीत दाखल झाला. डिसेंबरात मंजूर झालेल्या राज्यघटनेच्या कलम १४६ नुसार परकीयांना देशात लष्करी तळ, शांततेच्या कामासाठीसुद्धा, देण्यास मनाई करण्यात आली. कलम १५२ नुसार वर्चस्ववादी महासत्तांशी न बांधले जाणे हे परराष्ट्र धोरणाचे तत्त्व ठरले.

आपल्या वाचकांनी विशेष लक्ष द्यावे असे कलम १५४ आहे. जगाच्या कोणत्याही कोपऱ्यात 'मुस्तझफीन' आपल्यावर वर्चस्व गाजवणाऱ्या 'मुस्तकबिरीन'विरुद्ध न्याय्य लढा देत असतील तर इराण त्यांना पाठिंबा देईल. मात्र इतर राष्ट्रांच्या अंतर्गत कारभारात हस्तक्षेप करणार नाही, असे हे कलम म्हणते. मुस्तकबिरीन म्हणजे सत्तेने माजलेले. मुस्तझफीन हा शब्द कुराणातला आहे. त्याचा अर्थ दुबळे असा केला जातो, पण तो अपुरा आहे. अरबी व्याकरणात ते कर्मणी रूप आहे. जे मुळात दुबळे नाहीत, ज्यांना दुबळे करून ठेवले गेले, ते मुस्तझफीन. 'दलित' हा शब्दही असाच घडला आहे. दळले गेलेले ते दलित. दोन्ही शब्दांत दळणारा कोणीतरी गृहीत धरलेला आहे. एखाद्या राष्ट्राच्या राज्यघटनेत, तेही परराष्ट्र धोरणाच्या प्रकरणात, असा शब्द यावा ही साधी गोष्ट नव्हे. म्हणूनच या धोरणाची परीक्षा त्याच शब्दाने केली पाहिजे. अमेरिका किंवा रशिया त्याविषयी काय म्हणाले, हा प्रश्न दुय्यम आहे.

५

४ नोव्हेंबर १९७९ रोजी विद्यार्थ्यांनी तेहरानमधील अमेरिकी वकिलातीचा ताबा घेतला. शहाला उपचारासाठी अमेरिकेत प्रवेश मिळाला होता आणि १९५३ ची पुनरावृत्ती होणार, अशी भीती होती. तीनच दिवस आधी हंगामी पंतप्रधान मेहदी बाझरगान अल्जिअर्सला अमेरिकेचे राष्ट्रीय सुरक्षा सल्लागार ब्रझेझिन्स्की यांना भेटले होते. ती भेट त्यांच्या अंगाशी आली आणि ६ नोव्हेंबरला त्यांचे सरकार गेले. त्याच महिन्यात १३ ओलीस सोडण्यात आले. त्यांत स्त्रिया आणि कृष्णवर्णीय होते. अमेरिकेतले काळे लोक स्वतःच पिळले गेलेले आहेत, असे कारण खोमेनींनी दिले. हा प्रचार होता, हे खरेच. पण ज्या मर्मावर बोट ठेवले होते ते खोटे नव्हते. उरलेल्यांपैकी एकाला आजारपणामुळे पुढे सोडण्यात आले आणि शेवटचे ५२ ओलीस ४४४ दिवसांनी, २० जानेवारी १९८१ रोजी, सुटले.

ज्या राजवटीला अमेरिकेतल्या काळ्या माणसाचे दुःख कळले, तिला आपल्या घरातल्यांचे कळले का? ८ मार्च १९७९ रोजी, क्रांतीला महिनाही झाला नव्हता तेव्हा, तेहरानमध्ये हजारो स्त्रिया सक्तीच्या हिजाबविरुद्ध रस्त्यावर आल्या. त्यांत शहाविरुद्धच्या मोर्चांत चाललेल्याही अनेक होत्या. त्यांना पाश्चात्त्यांच्या हस्तक ठरवण्यात आले. स्वायत्तता मागणाऱ्या कुर्दांवर ऑगस्टमध्ये सैन्य धाडण्यात आले. कलम १३ ने झरतुष्ट्री, ज्यू आणि ख्रिस्ती यांना मान्यताप्राप्त अल्पसंख्य म्हटले. बहाई पंथाचे नाव त्यात नाही. बहाईंना इस्रायलचे हेर म्हणून तुरुंगात घातले, काहींना फाशी दिली. येथे घोषणेचा दुसरा उपयोग ध्यानात येतो. 'ना पूर्व, ना पश्चिम' हे बाहेरच्यांना उद्देशून म्हटलेले वाक्य होते. पण आतून कोणी काही मागितले की तो माणूस एक तर पूर्वेचा नाही तर पश्चिमेचा ठरू लागला. त्याच्या मागणीला उत्तर देण्याची मग गरजच उरली नाही.

६

२२ सप्टेंबर १९८० रोजी सद्दाम हुसेनच्या इराकने इराणवर आक्रमण केले. सहा दिवसांनी सुरक्षा मंडळाने ठराव केला. त्यात आक्रमक कोण याचा उल्लेख नव्हता आणि इराकने सैन्य मागे घ्यावे असेही म्हटलेले नव्हते. इराकला शस्त्रे देणारा सर्वांत मोठा देश सोव्हिएत रशिया होता. सुरुवातीला त्याने हात आखडता घेतला, पण १९८२ च्या मे महिन्यात खुर्रमशहर परत मिळवून इराणी फौजा जुलैमध्ये इराकच्या हद्दीत शिरल्या, तेव्हा पुरवठा पुन्हा सुरू झाला. अमेरिकेने त्याच वर्षी इराकला दहशतवादाच्या पाठीराख्यांच्या यादीतून वगळले, पुढे उपग्रहाने टिपलेली लष्करी माहिती पुरवली आणि १९८४ मध्ये राजनैतिक संबंध जोडले. शीतयुद्धाच्या ऐन भरात दोन्ही महासत्ता एकाच बाजूला उभ्या असल्याचे हे विरळा उदाहरण आहे. दोन्ही वाडे एकत्र येतात ते तिसरा ताठ उभा राहू लागला की, एवढाच याचा अर्थ.

तथापि ताठ उभे राहण्याचे शास्त्र कठीण असते. इराणचे हवाई दल शहाने अमेरिकेकडून घेतलेल्या विमानांवर उभे होते. एकट्या एफ-१४ जातीची ७९ विमाने होती. विमान आपल्या तळावर असले तरी त्याचा सुटा भाग अमेरिकेच्या हाती होता. उत्तर कोरिया आणि चीनकडून शस्त्रे आली, इस्रायलकडूनही गुपचूप आली. १९८५ आणि ८६ मध्ये ज्याला रोज 'मोठा सैतान' म्हटले जाई, त्या अमेरिकेनेच इराणला रणगाडाविरोधी क्षेपणास्त्रे विकली. लेबनॉनमधले अमेरिकी ओलीस सुटावेत हा त्यामागचा हेतू होता. १९८६ च्या मे महिन्यात अमेरिकेचे माजी सुरक्षा सल्लागार मॅक्‌फार्लेन गुप्तपणे तेहरानला येऊन गेले आणि नोव्हेंबरात बैरूतच्या एका साप्ताहिकाने सगळे बाहेर काढले. या विक्रीतला नफा अमेरिकी अधिकाऱ्यांनी निकाराग्वातील 'कॉन्ट्रा' बंडखोरांकडे वळवला. म्हणजे इराणी जनतेच्या तेलाचा पैसा एका दुसऱ्या गरीब देशाच्या क्रांतीविरुद्ध लढणाऱ्यांच्या हातात गेला. तेहरानला हे ठाऊक नसेल. पण चोरवाटेच्या व्यवहारात आपला पैसा पुढे कुठे जातो हे विचारण्याचा हक्क उरत नाही. युद्धात वेढलेल्या राष्ट्राने मिळेल तिथून शस्त्र घ्यावे, याला मी दोष देणार नाही. दोष आहे तो, आघाडीवर पोरे मरत असताना त्यांना एक सांगण्याचा आणि दाराआड दुसरे करण्याचा.

पूर्वेच्या बाबतीतही असेच घडले. 'तुदेह' हा इराणचा मॉस्कोनिष्ठ कम्युनिस्ट पक्ष. अमेरिकेचा विरोध हेच क्रांतीचे सार मानून त्याने खोमेनींना पाठिंबा दिला. स्त्रियांची, कुर्दांची, इतर डाव्यांची गळचेपी झाली तेव्हाही तो राजवटीच्या बाजूने उभा राहिला. १९८३ च्या फेब्रुवारीत त्याच्याच नेत्यांना अटक झाली, मे मध्ये पक्षावर बंदी आली आणि १८ सोव्हिएत मुत्सद्द्यांना देशाबाहेर घालवण्यात आले. तुदेहच्या घुसखोरीची माहिती तेहरानपर्यंत पोहोचवण्यात अमेरिकेचा हात होता, हे इराण शस्त्रविक्रीची चौकशी करणाऱ्या टॉवर आयोगाच्या १९८७ च्या अहवालात आले आहे. म्हणजे पूर्वेचे हस्तक पश्चिमेच्या मदतीने पकडले गेले! आणि मॉस्कोने काय केले? निषेध नोंदवला, तेहरानशी संबंध तोडले नाहीत. १९४६ साली कुर्दांना जे कळले ते १९८३ साली तुदेहला कळले.

७

१९८७ च्या जुलैमध्ये सुरक्षा मंडळाने युद्धबंदीचा ५९८ क्रमांकाचा ठराव एकमताने केला. इराण अडून बसला. १६ मार्च १९८८ रोजी हलबजा या कुर्दी गावावर इराकने विषारी वायू सोडला आणि हजारो माणसे, बायका, मुले जागच्या जागी मेली. अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने तेव्हा इराणकडेही बोट दाखवले. ३ जुलैला अमेरिकेच्या 'विन्सेन्स' युद्धनौकेने इराणचे प्रवासी विमान पाडले. त्यात २९० माणसे गेली. त्यांतली ६६ मुले होती. पंधरा दिवसांनी इराणने ठराव मान्य केला. हा विषाचा प्याला आहे, असे खोमेनी म्हणाले. हा प्याला सहा वर्षांपूर्वी, खुर्रमशहर परत मिळाले तेव्हाच, घेता आला असता. मधल्या सहा वर्षांत दोन्ही देशांची जी माणसे मेली, ती बहुतेक सारी मुस्तझफीनच होती. खेड्यांतली आणि शहरांच्या झोपडपट्ट्यांतली.

युद्ध थांबताच त्याच उन्हाळ्यात तुरुंगांतून हजारो राजकीय कैद्यांना फाशी देण्यात आली. मुजाहिदीन-ए-खल्कचे तरुण त्यांत सर्वाधिक होते, डावेही होते. अनेकांची शिक्षा आधीच ठरलेली होती आणि ती ते भोगत होते. खोमेनींचे नियोजित वारस आयातुल्ला मुंतझरी यांनी याला लेखी विरोध केला. १९८९ च्या मार्चमध्ये त्यांचे वारसपद गेले. क्रांतीच्या गोटातही 'हे चूक आहे' म्हणणारा माणूस होता, हे नोंदवून ठेवले पाहिजे.

१९८९ च्या जानेवारीत खोमेनींनी गोर्बाचेव्ह यांना पत्र पाठवले. साम्यवादाची जागा आता इतिहासाच्या संग्रहालयात आहे, पण म्हणून पश्चिमेच्या हिरव्या बागेला भुलू नका, इस्लामचा अभ्यास करा, असे त्यात सुचवले होते. तीन वर्षांच्या आत सोव्हिएत संघ उरला नाही, तेव्हा पत्राचा पहिला भाग खरा ठरला असे म्हणावे लागते. ३ जूनला खोमेनी वारले. त्याच महिन्यात मजलिसचे सभापती रफसंजानी मॉस्कोला गेले आणि व्यापाराचे व शस्त्रांचे करार करून परतले. घोषणेतला 'पूर्व' तेथून हळूहळू पुसट होत गेला. २०१६ च्या ऑगस्टमध्ये रशियन बॉम्बफेकी विमाने सीरियावर हल्ले करण्यासाठी इराणच्या हमादान तळावरून उडाली. मजलिसमध्ये कलम १४६ ची आठवण करून देण्यात आली आणि आठवडाभरात ते थांबले. १९७९ चे कलम तेव्हाही कोणाला तरी पाठ होते.

८

जमाखर्च मांडताना जमेची बाजू लपवू नये. ज्या देशाची वाटणी त्याला न विचारता होत असे, त्याने स्वतःचे निर्णय स्वतः घ्यायला सुरुवात केली. १९७९ च्या जूनमध्ये निघालेल्या 'जिहाद-ए-साझंदेगी' या संघटनेने खेड्यांत रस्ते, पाणी आणि वीज नेली. खेड्यांतल्या मुली मोठ्या संख्येने शाळेत गेल्या, आणि पुढे त्याच मुलींनी राज्यकर्त्यांना प्रश्न विचारले. ही क्रांतीचीच कमाई आहे. खर्चाच्या बाजूला एक नाव पुरेसे आहे. शहाच्या कुटुंबाची जप्त मालमत्ता सांभाळायला १९७९ साली 'बुनियाद-ए-मुस्तझफान' ही संस्था काढण्यात आली. ती देशातल्या अतिप्रचंड आर्थिक साम्राज्यांपैकी एक झाली. दळलेल्यांचे नाव पाटीवर राहिले आणि किल्ल्या दुसऱ्यांच्या कमरेला लागल्या.

राष्ट्र स्वतंत्र होणे आणि राष्ट्रातला माणूस मोकळा होणे ही दोन वेगळी कामे आहेत. पहिले झाले की दुसरे आपोआप होते, हा भ्रम आहे. पहिले नको म्हणून दुसरे बाहेरून कोणी आणून देईल, हा त्याहून मोठा भ्रम आहे. मोसादेकला घालवणाऱ्यांनी, हलबजाकडे डोळेझाक करणाऱ्यांनी इराणी स्त्रीच्या किंवा कुर्दाच्या मुक्तीची भाषा बोलावी, यावर तेथल्याच स्त्रियांचा आणि कुर्दांचा विश्वास बसणे कठीण आहे.

त्या विद्यार्थिनीला मी पुढच्या आठवड्यात उत्तर दिले. फळ्यावरच्या उभ्या रेघेला छेदून एक आडवी रेघ ओढली. उभी रेघ कोणता देश कोणाच्या गोटात ते सांगते. आडवी रेघ त्या देशात कोण वर आणि कोण खाली ते सांगते. १९७९ चा इराण उभ्या रेघेवर पाय रोवून उभा राहिला, आणि ते सोपे नव्हते. आडवी रेघ पुसण्याचे वचनही त्याने दिले होते. ते वचन त्याच्याच राज्यघटनेत लिहिलेले आहे, आणि ज्यांना ते दिले त्यांनी ते मागणे याला परकीयांची चिथावणी म्हणता येत नाही. आता शीतयुद्ध शिकवताना मी दोन्ही रेघा ओढतो. त्यासाठी एक तास जास्त लागतो.